अकरा सामने, अकरा विजय : सिरॅक्यूज १९५९

डिसेंबर १९५९च्या पहिल्या आठवड्यात अमेरिकेतील क्रीडापत्रकारांनी आणि प्रशिक्षकांनी आपापली मते दिली आणि सिरॅक्यूज विद्यापीठाचा फुटबॉल संघ त्या वर्षीचा राष्ट्रीय विजेता ठरला. अंतिम सामना झालाच नव्हता. तशी प्रथाच त्या काळी नव्हती. देशभरची महाविद्यालये शनिवारी दुपारी आपापल्या मैदानांवर खेळत. असोसिएटेड प्रेस ही वृत्तसंस्था पत्रकारांची मते गोळा करी, युनायटेड प्रेस इंटरनॅशनल प्रशिक्षकांची. दोन्ही याद्यांत एकच नाव वर आले की विजेता कोण हा वाद मिटे. त्या वर्षी तो मिटला होता. १ जानेवारी १९६० रोजी डॅलस शहरात टेक्सास विद्यापीठाशी व्हायचा होता तो सामना सिरॅक्यूजने गमावला असता, तरी विजेतेपद त्यांच्याकडेच राहिले असते, कारण मतदान आधीच संपले होते.

तरीही या हंगामाचा खरा कस डॅलसमध्येच लागला, असे मी मानतो आणि हे पुस्तक त्याच धारणेतून लिहिले आहे. उत्तरेकडच्या बर्फाळ गावातला संघ, त्यात तीन कृष्णवर्णीय खेळाडू, आणि समोर सगळ्या गोऱ्या खेळाडूंचा संघ, तोही वर्णभेद उघडपणे पाळणाऱ्या शहरात. गुणफलकाने त्या दिवशीचा एक हिशेब चुकता केला. दुसरा हिशेब पुढे जवळपास अर्धशतक थकीत राहिला. या हंगामावर प्रेम करणाऱ्या अनेकांनी पहिला हिशेब सांगितला आणि दुसरा तळटीपेत ढकलला. मला दोन्ही एकाच कथेत हवे आहेत.

आधी खेळाविषयी थोडे. फुटबॉल म्हटले की आपल्याकडे कोल्हापूरचे शाहू स्टेडियम आणि तिथल्या तालमींची ईर्षा डोळ्यांसमोर येते. इथला खेळ तो नव्हे. लांबट चेंडू हातात धरून पळायचे किंवा पुढे फेकायचा, शंभर यार्डांच्या मैदानावर चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे. ते जमले तर पुन्हा चार प्रयत्न, नाही तर चेंडू प्रतिस्पर्ध्याकडे. शेवटची रेषा ओलांडली की टचडाउन, म्हणजे सहा गुण. त्यानंतर लाथ मारून चेंडू खांबांमधून धाडला तर एक जादा गुण. १९५८पासून नियम बदलला आणि लाथेऐवजी पळून किंवा फेकून पुन्हा रेषा गाठली तर दोन गुण मिळू लागले. हा बदल लक्षात ठेवावा, कारण १९५९च्या हंगामाचे भवितव्य एका दुपारी याच दोन गुणांवर लटकले होते.

आणखी एक गोष्ट. आज आक्रमणाला अकरा वेगळे आणि बचावाला अकरा वेगळे खेळाडू उतरतात. १९५९मध्ये खेळाडू बदलण्यावर कडक मर्यादा होत्या आणि त्या १९६४पर्यंत टिकल्या. त्यामुळे चेंडू घेऊन धावणाराच काही क्षणांनी समोरच्याला अडवायला उभा राही. अशा नियमांत दमसास हाच संघाचा मोठा गुण ठरे आणि सिरॅक्यूजची सगळी आखणी त्यावरच होती. पहिल्या फळीला दम घेऊ देईल अशी दुसरी फळी त्यांच्याकडे तयार होती.

चेंडू नेणाऱ्याचे नाव वर्तमानपत्रात छापून येते, पण त्याच्यासाठी वाट मोकळी करणारे सात जण ओळीत वाकून उभे असतात. सिरॅक्यूजच्या या सातांना पत्रकारांनी ‘साइझेबल सेव्हन’ म्हणायला सुरुवात केली. दोन्ही टोकांना फ्रेड मॉटिनो आणि गेरी स्कोनेत्स्की, त्यांच्या आत मॉरी युमन्स आणि बॉब येट्स, मग रॉजर डेव्हिस आणि ब्रूस टारबॉक्स, मधोमध अल बेमिलर. यांतला बॉब येट्स लाथेचे गुणही मिळवून देई. दहा नियमित सामन्यांत या संघाने ३९० गुण केले आणि ५९ दिले. प्रत्येक सामन्यात सरासरी ४५१.५ यार्डांची चाल केली आणि प्रतिस्पर्ध्याला ९६.२ यार्डांवर रोखले. आक्रमण आणि बचाव या दोन्हींत देशात पहिला क्रमांक एकाच संघाचा होता. माझ्या मते या आकड्यांचे खरे धनी हे सात जण आहेत, म्हणून पुस्तकात त्यांना चेंडू घेऊन धावणाऱ्या हाफबॅकइतकीच पाने दिली आहेत.

हा संघ घडवणारा माणूस आकाराने लहान होता. बेन श्वार्ट्झवाल्डर १९०९ साली वेस्ट व्हर्जिनियात जन्मले आणि तिथल्याच विद्यापीठाकडून सेंटर म्हणून, म्हणजे ओळीत मधोमध, खेळले. ज्या जागेवर धिप्पाड माणसे उभी राहतात तिथे हा हलका मुलगा उभा राही. काही वर्षे त्यांनी शाळांतल्या मुलांना शिकवले. मग युद्ध आले आणि ६ जून १९४४ रोजी ते छत्रीधारी सैनिक म्हणून नॉर्मंडीवर उतरले. युद्धातून ते मेजर म्हणून आणि सिल्व्हर स्टार हे शौर्यपदक घेऊन परतले. १९४९मध्ये सिरॅक्यूजने त्यांना बोलावले. आदल्या वर्षी संघाने नऊपैकी एकच सामना जिंकला होता. युद्धावरून परतलेल्या सैनिकांना शिकण्यासाठी सरकारने पैसा दिला होता, चान्सलर विल्यम टॉली यांनी त्यांच्यासाठी दारे उघडली होती आणि विद्यापीठ झपाट्याने फुगत होते. वर्ग भरलेले आणि फुटबॉल मात्र हरणारा, अशा काळात श्वार्ट्झवाल्डर तिथे पोहोचले.

पुढच्या दहा वर्षांत त्यांनी संघ उभा केला, पण नववर्षाच्या मानाच्या बाउल सामन्यांत अपयश पिच्छा सोडत नव्हते. १९५३मध्ये ऑरेंज बाउलला अलाबामाने ६१–६ असे चिरडले. १९५७मध्ये कॉटन बाउलला टेक्सास ख्रिश्चन विद्यापीठाकडून २८–२७ अशी एका गुणाची हार झाली. त्या दिवशी सिरॅक्यूजच्या २७ गुणांपैकी २१ एकट्या हाफबॅक जिम ब्राउनचे होते. १९५९च्या पहिल्या दिवशी ओक्लाहोमाने २१–६ असे हरवले. ईशान्येचे संघ आपापसांत जिंकतात, पण दक्षिणेशी किंवा मध्य पश्चिमेशी गाठ पडली की ढेपाळतात, असा समज तेव्हा रूढ होता. सिरॅक्यूजच्या त्या तीन पराभवांनी तो पक्काच केला.

जिम ब्राउनच्याही आधी या मैदानावर आणखी एक माणूस खेळून गेला होता. त्याचे नाव ऐकून भारतीय वाचकाचे कान टवकारतील. विल्मेथ सिदात-सिंग. त्याचा जन्म १९१८चा, वॉशिंग्टनचा. आईवडील दोघेही कृष्णवर्णीय अमेरिकन. वडील लवकर वारले आणि आईने भारतीय वंशाच्या सॅम्युएल सिदात-सिंग या वैद्यकीय विद्यार्थ्याशी लग्न केले. सॅम्युएल पुढे डॉक्टर झाले. मुलाने सावत्र वडिलांचे आडनाव घेतले. सिरॅक्यूजमध्ये तो बास्केटबॉलसाठी आला आणि फुटबॉलमध्ये लांब पल्ल्याच्या अचूक फेकींमुळे नावारूपाला आला. त्या काळी दक्षिणेतले संघ कृष्णवर्णीय खेळाडू असलेल्या संघाशी खेळायला नकार देत. आडनावाचा आधार घेऊन त्याला ‘हिंदू’ म्हणून खपवले गेले. विद्यापीठाला ते सोयीचे होते आणि वर्तमानपत्रांनीही तेच छापले.

ऑक्टोबर १९३७मध्ये बाल्टिमोरला मेरीलँड विद्यापीठाशी सामना होता. सॅम लेसी या कृष्णवर्णीय पत्रकाराने त्याची खरी ओळख छापली. मेरीलँडने आक्षेप घेतला, सिरॅक्यूजने तो मान्य केला आणि सिदात-सिंगला कपडे न बदलता बाकावर बसवले. संघ १३–० असा हरला. पुढच्या वर्षी मेरीलँडचा संघ सिरॅक्यूजला आला. सिदात-सिंग खेळला आणि निकाल लागला ५३–०. पुढे तो टस्कीगी येथे लढाऊ वैमानिकाचे शिक्षण घेऊन सैन्यात गेला आणि १९४३मध्ये सरावाच्या उड्डाणात विमान बिघडून ह्यूरॉन सरोवरात बुडून मरण पावला. वय पंचवीस.

लेसीवर काहींनी तेव्हा राग काढला, एका मुलाची संधी त्याने घालवली म्हणून. मला तसे वाटत नाही. खोट्या नावाखाली मिळालेली संधी ही त्या मुलाच्या जगण्यावर चढवलेला बुरखाच होता आणि तो विद्यापीठाच्या सोयीसाठी होता. भारतीय असण्याचा उपयोग इथे एका माणसाची कातडी लपवण्यासाठी झाला, ही गोष्ट मराठी वाचकाने नीट पाहावी म्हणून मी ती सुरुवातीलाच सांगतो आहे. बावीस वर्षांनी याच विद्यापीठाने आपल्या कृष्णवर्णीय खेळाडूंना त्यांच्या नावाने डॅलसला नेले. हा प्रवास लहान नाही.

त्या तिघांत सर्वांत धाकटा एर्नी डेव्हिस. पेनसिल्व्हेनियात जन्मलेला, युनियनटाउन या खाणींच्या गावात आजोबा-आजींकडे वाढलेला. बाराव्या वर्षी तो आईकडे न्यूयॉर्क राज्यातल्या एल्मायराला आला. शाळेत तो फुटबॉल आणि बास्केटबॉल दोन्हींत गाजला आणि देशभरच्या विद्यापीठांनी त्याला बोलावले. त्याचे मन सिरॅक्यूजकडे वळवण्यात जिम ब्राउनचा मोठा हात होता. ब्राउनचा ४४ क्रमांक त्याने पाठीवर घेतला. बाकीचे दोघे म्हणजे फुलबॅक आर्ट बेकर, जो त्याच वर्षी कुस्तीतला राष्ट्रीय महाविद्यालयीन विजेताही होता, आणि टॅकल जॉन ब्राउन. क्वार्टरबॅकच्या जागी डेव्ह सॅरेट. कर्णधार हाफबॅक गेर श्वेडीस.

नियमित हंगामाचे बहुतेक सामने एकतर्फी झाले आणि त्यांवर मी फार रेंगाळलेलो नाही. मेरीलँड २९–०, नेव्ही ३२–६, होली क्रॉस ४२–६, वेस्ट व्हर्जिनिया ४४–०, पिट्सबर्ग ३५–०. जुना शेजारी आणि एके काळचा कट्टर प्रतिस्पर्धी कोलगेट तर ७१–० असा हरला. बोस्टन विद्यापीठ ४६–०. दहापैकी पाच सामन्यांत समोरच्याला एकही गुण मिळाला नाही.

पण ७ नोव्हेंबरचा शनिवार वेगळा होता. त्या दिवशी पेन स्टेटच्या मैदानावर दोन अपराजित संघ भिडले. सिरॅक्यूज २०–६ असा पुढे होता. मग पेन स्टेटच्या रॉजर कोचमनने किकऑफचा, म्हणजे खेळ पुन्हा सुरू करणाऱ्या लाथेचा, चेंडू धरला आणि सलग शंभर यार्ड पळत टचडाउन केले. नंतर चेंडू दूर धाडण्यासाठी मारलेली सिरॅक्यूजची एक लाथ अडवली गेली आणि आणखी एक टचडाउन झाले. २०–१८. बरोबरीसाठी हवे होते ते दोन गुण पेन स्टेटला मिळाले नाहीत. तीन टचडाउन करूनही त्यांना जादा गुणांच्या तिन्ही प्रयत्नांत काहीच हाती लागले नाही. त्यानंतर सिरॅक्यूजने चेंडू हातातून जाऊच दिला नाही. चार-चार यार्डांच्या धावा काढत, घड्याळ संपवत त्यांनी सामना संपवला. शंभर यार्डांची धाव डोळ्यांत भरते हे खरे, पण मला या हंगामातली सर्वांत मोठी कामगिरी ही शेवटची कंटाळवाणी मिनिटेच वाटतात. दमलेल्या सात माणसांनी थकलेल्या प्रतिस्पर्ध्याला पुन्हा पुन्हा मागे ढकलले, आणि सगळ्या मैदानाला ठाऊक होते की आता ते हेच करणार आहेत.

त्याच दुपारी नॉक्सव्हिलला पहिल्या क्रमांकावरचा लुइझियाना स्टेटचा संघ टेनेसीकडून १४–१३ असा हरला. तिथेही तोच नवा नियम आडवा आला. दोन गुणांच्या प्रयत्नात त्यांच्या बिली कॅननला रेषेपाशीच अडवण्यात आले. एकाच दिवशी दोन गावांत दोन प्रयत्न फसले आणि सिरॅक्यूज पहिल्या क्रमांकावर पोहोचला. हा निव्वळ नशिबाचा भाग होता, असे म्हणणारे तेव्हाही होते. त्यांना उत्तर ५ डिसेंबरला लॉस एंजेलिसमध्ये मिळाले. देशभर दूरचित्रवाणीवर दिसलेल्या सामन्यात सिरॅक्यूजने यूसीएलएला ३६–८ असे हरवले. ईशान्येच्या फुटबॉलवर हसणाऱ्या पश्चिमेने तो संघ त्या दिवशी आपल्या डोळ्यांनी पाहिला.

आता डॅलसचा कॉटन बाउल. टेक्सास चौथ्या क्रमांकावर होता, प्रशिक्षक डॅरेल रॉयल. सामन्याआधीच्या सरावात डेव्हिसची मांडी दुखावली होती. तरी खेळ सुरू होऊन काही क्षण होतात तोच श्वेडीसने धावण्याचा आविर्भाव करून चेंडू फेकला आणि डेव्हिसने तो धरून ८७ यार्डांचे टचडाउन केले. कॉटन बाउलच्या इतिहासात तोवर इतका लांब टचडाउन पास कुणी टाकला नव्हता. मध्यंतराला १५–०. मध्यंतरापूर्वी दोन्ही संघांत हाणामारी झाली. आमच्या कृष्णवर्णीय सोबत्यांना शिव्या घातल्या गेल्या, असे सिरॅक्यूजच्या खेळाडूंनी सांगितले. टेक्सासने ते नाकारले. उत्तरार्धात डेव्हिसने प्रतिस्पर्ध्याची फेक मध्येच हेरून धरली आणि त्यातून आणखी एक टचडाउन निघाले. शेवटी २३–१४. डेव्हिसचे स्वतःचे सोळा गुण, आणि पिछाडीतल्या खेळाडूंत सर्वोत्कृष्ट म्हणून पारितोषिकही त्याला.

ते पारितोषिक ज्या मेजवानीत द्यायचे होते तिथे कृष्णवर्णीयांना पुढे थांबायला मनाई होती. पारितोषिक घ्या आणि निघा, असे डेव्हिस, बेकर आणि जॉन ब्राउन यांना सांगण्यात आले. मग काय झाले, याबद्दल संघातल्यांच्या आठवणी दोन वाटांनी जातात. एका आठवणीप्रमाणे हे कानावर येताच श्वेडीसने सुचवले की आपण सगळेच उठू या, पण विद्यापीठाच्या अधिकाऱ्यांनी ते होऊ दिले नाही आणि तिघे वेगळे गेले. दुसरीप्रमाणे सगळा संघच त्या समारंभातून बाहेर पडला. मी पुस्तकात दोन्ही दिल्या आहेत. दुसरी आठवण मनाला उभारी देते आणि म्हणूनच तिच्याकडे झुकण्याचा मोह मोठा आहे. पण पहिलीत एक गोष्ट आहे जी पुढच्या काळाशी जुळते : खेळाडूंना काय वाटत होते आणि अधिकारी काय करू देत होते, यांतले अंतर.

डेव्हिसचे पुढचे आयुष्य साडेतीन वर्षांचेही नव्हते. १९६१मध्ये महाविद्यालयीन फुटबॉलचा सर्वोच्च सन्मान असलेली हाइजमन ट्रॉफी मिळवणारा तो पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरला. पारितोषिकासाठी तो न्यूयॉर्कला आला तेव्हा राष्ट्राध्यक्ष केनेडी यांनी त्याची भेट घेतली. व्यावसायिक संघांच्या निवडीत वॉशिंग्टनने त्याला पहिल्या क्रमांकावर निवडले. कृष्णवर्णीय खेळाडू न घेण्याचा हट्ट धरणारा तो शेवटचा संघ होता आणि सरकारच्या दबावाखाली नमला होता. वॉशिंग्टनने त्याला लगेच क्लीव्हलँड ब्राउन्सला देऊन टाकले. तिथे तो आणि जिम ब्राउन एकत्र खेळणार होते. १९६२च्या उन्हाळ्यात त्याला ल्युकेमिया असल्याचे निदान झाले. एकही व्यावसायिक सामना न खेळता १८ मे १९६३ रोजी तो वारला. वय तेवीस.

२००८मध्ये त्याच्या आयुष्यावर ‘द एक्सप्रेस’ हा चित्रपट निघाला. त्यात वेस्ट व्हर्जिनियाच्या गावात प्रेक्षक डेव्हिसवर वस्तू फेकताना दाखवले आहेत. प्रत्यक्षात १९५९चा तो सामना सिरॅक्यूजच्या आर्चबोल्ड स्टेडियमवर झाला. वर्णद्वेष दाखवायला खोटे प्रसंग रचण्याची गरज नव्हती. १९३७चे बाल्टिमोर खरे होते, १९६०चे डॅलस खरे होते. रचलेल्या प्रसंगाने दुसऱ्या एका गावावर नाहक डाग लागला, आणि सिरॅक्यूजचे स्वतःचे घर मात्र चित्रपटात स्वच्छ राहिले.

ते घर तितके स्वच्छ नव्हते. १९७०मध्ये त्याच श्वार्ट्झवाल्डर यांच्या संघातल्या नऊ कृष्णवर्णीय खेळाडूंनी वसंत ऋतूतल्या सरावावर बहिष्कार घातला. वर्तमानपत्रांनी मोजणीत चूक करून त्यांना ‘सिरॅक्यूज एट’ म्हटले आणि तेच नाव राहिले. त्यांच्या मागण्या साध्या होत्या : दुखापतींवर नीट उपचार, अभ्यासात मदत, संघात गुणांनुसार जागा आणि एक कृष्णवर्णीय सहायक प्रशिक्षक. त्यांना संघातून काढण्यात आले. विद्यापीठाने नेमलेल्या समितीने त्याच वर्षी मान्य केले की क्रीडाविभागात वर्णभेद मुरलेला आहे. औपचारिक माफी मागायला विद्यापीठाला २००६ साल उजाडले. त्या वर्षी त्यांना चान्सलरचे पदक आणि खेळाडूचा मान म्हणून मिळणारी जॅकेटे देण्यात आली. टेक्सासनेही १९७०मध्येच ज्युलियस व्हिटियर या कृष्णवर्णीय खेळाडूला पहिल्यांदा मुख्य संघातून खेळवले. ज्या वर्षी डॅलसचा प्रतिस्पर्धी बदलू लागला, त्याच वर्षी डॅलस जिंकणाऱ्यांच्या घरात हा वाद पेटला.

श्वार्ट्झवाल्डर यांना मी खलनायक केलेले नाही. १९५९मध्ये ते आपल्या खेळाडूंच्या मागे उभे राहिले आणि १९७०मध्ये आपल्या खेळाडूंचे ऐकू शकले नाहीत. नॉर्मंडीवर उतरलेल्या मेजरला संघ म्हणजे आज्ञा पाळणारी तुकडी वाटे. मैदानावर ती दृष्टी कामाला आली, पण उपचारांबद्दल तक्रार घेऊन आलेल्या तरुणाला ती बंडखोर ठरवत होती. एकाच माणसाच्या दोन बाजू म्हणून त्या वाचाव्यात.

आर्चबोल्ड स्टेडियम १९७८मध्ये पाडायला घेतले आणि त्या जागी छपराचे नवे मैदान १९८०मध्ये उघडले. ४४ हा क्रमांक २००५मध्ये निवृत्त केला गेला आणि विद्यापीठाच्या पिनकोडातही तो आहे : १३२४४. सिदात-सिंगचा बास्केटबॉलमधला १९ क्रमांकही २००५मध्येच सन्मानाने निवृत्त झाला. मेरीलँड विद्यापीठाने २०१३मध्ये त्याच्या कुटुंबीयांची माफी मागितली.

पुस्तकात अंतरे यार्डांतच ठेवली आहेत, कारण मीटरमध्ये या खेळाचा ताल हरवतो. खेळाडूंची नावे अमेरिकेत उच्चारली जातात त्याच्या जवळपास लिहिली आहेत. सिदात-सिंगचे प्रकरण सर्वांत आधी येते आणि १९७०चे सर्वांत शेवटी. मधली पाने १९५९ची. ती २६ सप्टेंबरला सुरू होतात, कॅन्ससविरुद्धच्या ३५–२१ या विजयाने. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना मुख्य संघात घेण्याची त्या काळी मुभा नव्हती, म्हणून एकोणीस वर्षांचा एर्नी डेव्हिस त्या दिवशी विद्यापीठासाठी आपला पहिला सामना खेळला.